जसे आहे, जेथे आहे

पूर्णा नदीवरचं येलदरीचं धरण मातीचं आहे. १९६८ साली ते पुरं झालं आणि तेव्हापासून एवढ्या पाण्याला छाती लावून उभं आहे. जागचं हललेलं नाही. त्याच येलदरीच्या शिवारात वीतभर उंचीचे कितीतरी बांध आहेत. त्यांना ना पाणी अडवायचंय, ना वीज तयार करायचीय, तरी ते दरसाल सरकतात. सरकण्याचा हंगामही ठरलेला: अक्षय्य तृतीयेच्या आगेमागे, नांगरटीच्या दिवसांत, शेजारी कुटुंबासह लग्नाला गेलेला असताना.

बांधाला आमच्याकडे धुरा म्हणतात. धुरा कोणी सरकवत नसतो, तो सरकतो. पूर्वी बैल होते तेव्हा निदान दोन मुके साक्षीदार तरी असायचे. आता ट्रॅक्टर भाड्याचा आणि ड्रायव्हर परगावचा. त्याला मालक एवढंच सांगतो, "धुऱ्याकडनं जरा दाबून घे बरं का." त्या ‘जरा’त एक तास, म्हणजे नांगराची एक ओळ, जाते. पुढच्या साली शेजारी आपल्या ड्रायव्हरला सांगतो, "जरा जास्तच दाबून घे." अशा दहा-पंधरा नांगरटी झाल्या की ज्या धुऱ्यावरून एके काळी बैलगाडी जायची, त्यावरून कोंबडीलाही अंग चोरून चालावं लागतं.

या भांडणाचा हिशेब एकदा कागदावर मांडून पाहावा. धुरा २० साखळ्या लांब, म्हणजे ६६० फूट धरू. जुन्या मोजणीची साखळी ३३ फुटांची, तिचे आणे सोळा. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद तो गुंठा, १,०८९ चौरस फुटांचा. शेजाऱ्याने फूटभर दाबलं तर गेले ६६० चौरस फूट, अर्ध्या गुंठ्याहून थोडे जास्त. एकरी आठ क्विंटल सोयाबीन धरलं तर तेवढ्या पट्टीत होणार १२ किलो. २०२४-२५ चा हमीभाव क्विंटलला ४,८९२ रुपये होता. म्हणजे माल ५९० रुपयांच्या आसपास, तोही हमीभाव हाती पडला तर. सरकारी मोजणीची फी याहून जास्त, वकिलाची त्याहून जास्त, आणि डोक्याला टाके पडले तर त्यांचा दर वेगळा. हा हिशेब मी एका धुरेकऱ्याला ऐकवला. तो म्हणाला, "सोयाबीनसाठी कोण भांडायलंय? त्यानं मला विचारलं नाही म्हणून भांडायलोय."

"विचारलं असतं तर दिली असती का पट्टी?"

"कामून देईन?"

काळ्या जमिनीचंही या कामाला उत्तम सहकार्य असतं. उन्हाळ्यात ती भेगाळते, पावसाळ्यात फुगते, आणि हद्दीचा दगड कधी तिरपा होतो, कधी खचतो, कधी दिसेनासाच होतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मध्ये हद्दी आणि हद्दीच्या खुणांवर आख्खं प्रकरण आहे आणि खूण मोडणाऱ्याला दंडही आहे. पण दगड रात्री चालतो आणि दंड दिवसा होतो, त्यामुळे दोघांची गाठ पडत नाही.

बरं, वाटण्यांचं वेड फक्त माणसांनाच आहे असंही नाही. १ मे १९९९ रोजी खुद्द परभणी जिल्ह्याची वाटणी झाली आणि हिंगोली वेगळी निघाली. पूर्णेवरचं वरचं धरण येलदरी परभणीकडे राहिलं, खालचं सिद्धेश्वर हिंगोलीकडे गेलं. त्या वाटणीत कोणाचं डोकं फुटलं नाही, कारण तिथे दोघेही सरकार होते. येलदरीच्या सगळ्या शेतकऱ्यांचे आपापल्या हद्दीबद्दलचे दावे एकाच दिवशी मान्य केले, तर गावाचं शिवार नदी ओलांडून हिंगोली जिल्ह्यात घुसेल आणि दोन जिल्हाधिकाऱ्यांना धुऱ्यावर उभं राहावं लागेल.

इथवर भांडण दोघांचं. त्यात बँक कशी येते ते पाहण्यासाठी दोन भाऊ घेऊ. हे दोघे कोणी एक नव्हेत. चार गावच्या धुऱ्यांची माती एकत्र करून मी ते घडवले आहेत. वडिलांनी हयातीत तोंडी वाटणी केली. चिंचेखाली उभं राहून हात लांब केला आणि म्हणाले, "ह्या चिंचेपासून त्या बाभळीपर्यंत थोरल्याचं, पल्याडलं धाकट्याचं." आज चिंच नाही, बाभळ नाही, आणि हात दाखवणारेही नाहीत. सातबाऱ्यावर दोघांच्या नावे १ हेक्टर ६० आर, १ हेक्टर ६० आर लागले. जमिनीवर मोजणी कोणी केलीच नाही.

गावात हे १ हेक्टर ६० आर म्हणजे चार एकर. खरं तर एक एकराचे ४०.४७ आर होतात, त्यामुळे हे क्षेत्र चार एकरांना जवळजवळ दोन गुंठे कमी भरतं. ते दोन गुंठे गणिताने खाल्लेले आहेत. पण गणितावर काठी घेऊन जाता येत नाही, शेजाऱ्यावर जाता येतं. थोरला म्हणतो, माझे दोन गुंठे धाकट्यात निघतात. धाकटा म्हणतो, माझे दोन थोरल्यात. दोघांचंही गणित सारखंच चुकलेलं, त्यामुळे दोघेही प्रामाणिक. त्यातून मधल्या पट्टीत विहीर. थोरल्याने तहसीलदाराकडे अर्ज केला, धाकट्याने केला, थोरल्याने पुन्हा केला. गावाच्या वेशीवर महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेची कमान आहे. दोघेही अर्ज द्यायला तिच्याखालूनच जिंतूरच्या तहसील कचेरीत जातात.

मग थोरल्याला पाइपलाइनसाठी कर्ज हवं झालं. बँक म्हणाली, जमीन गहाण द्या. गहाणखतात चतुःसीमा लिहावी लागते. पॅनेलवरच्या वकिलांनी ती लिहिली: पूर्वेस धाकट्या भावाची जमीन, पश्चिमेस नाला, उत्तरेस पांदण, दक्षिणेस अमुक यांची जमीन. ते अमुक पंचवीस वर्षांपूर्वी वारले, पण चतुःसीमेत माणूस मरत नाही. मागच्या खतावरून पुढच्या खतात जिवंत उतरवला जातो. नाला दोन पुरांत जागा बदलून बसलेला. पांदण निम्मी नांगरलेली. आणि थोरल्याची जमीन कुठे संपते, तर जिथे धाकट्याची सुरू होते तिथे. धाकट्याची कुठे सुरू होते, तर जिथे थोरल्याची संपते तिथे. वाक्यात चूक काढून दाखवा.

बँकेचे साहेब स्थळपाहणीलाही आले. शेताच्या कडेला मोटारसायकल लावली, लिंबाच्या सावलीला उभे राहिले आणि विचारलं, "कुठवर आहे जमीन?" थोरल्याने बापाच्या पद्धतीने हात लांब केला. तो हात विहिरीवरून गेला, धाकट्याच्या कपाशीवरून गेला आणि क्षितिजाच्या थोडा अलीकडे थांबला. साहेबांनी ‘प्रत्यक्ष पाहणी केली’ असं लिहिलं, चहा घेतला. सातबाऱ्याच्या ‘इतर अधिकार’ रकान्यात बोजा चढला.

बोजा ही सातबाऱ्यावरची सर्वांत चिवट वस्तू आहे. भूविकास बँकेचंच बघा. १९३५ साली मुंबई प्रांतात भूतारण बँक म्हणून ही चळवळ सुरू झाली. विहिरी, इंजिनं, ट्रॅक्टर यांसाठी ही बँक जमिनीच्या तारणावर लांब मुदतीचं कर्ज द्यायची. पुढे बँका थकल्या, शाखांना कुलपं लागली, कर्मचारी पगाराची वाट पाहून घरी गेले, पण सातबाऱ्यावरचा बोजा कामावर हजर होता. फेडायचं म्हटलं तरी फेडायचं कोणाकडे, असा प्रश्न. अखेर ऑक्टोबर २०२२ मध्ये राज्य सरकारने या बँकेच्या ३४,७८८ कर्जदारांचं सुमारे ९६४ कोटींचं कर्ज माफ केलं. बँक आधी गेली आणि तिचा बोजा मागाहून, सवडीने गेला.

थोरल्याची बँक मात्र चालू होती, हीच अडचण. दोन वर्षं पावसाने दगा दिला, एक वर्ष भावाने (बाजाराच्या, सख्ख्या नव्हे), आणि हप्ते थकले. थोरला कर्जमाफीची वाट पाहत बसला. २०१९ साली ती आलीही, दोन लाखांपर्यंतच्या पीक कर्जाला. ह्याचं कर्ज पाइपलाइनचं. सरकारने पीक माफ केलं आणि पाणी राहून गेलं.

मग वसुली सुरू झाली. शहरात घर गहाण असेल तर बँका २००२ च्या सरफेसी कायद्याने थेट ताबा घेऊ शकतात. शेतजमिनीला तो कायदा लागत नाही. ती त्यातून स्पष्ट वगळलेली आहे. थोरल्याला कोणीतरी हे सांगितलं तेव्हा त्याने पेढे वाटायचे बाकी ठेवले होते. पण बँक सहकारी, आणि सहकाराचा स्वतःचा कायदा आहे, १९६० चा. त्याच्या कलम १०१ खाली वसुलीचा दाखला मिळतो, मग वसुली अधिकारी येतो, जप्ती होते, लिलावाची नोटीस ग्रामपंचायतीच्या भिंतीवर लागते.

त्या नोटिशीत चतुःसीमा छापलेली होती आणि खाली ते थोर वाक्य होतं: मालमत्तेची विक्री ‘जसे आहे, जेथे आहे, जे काही आहे’ या तत्त्वावर करण्यात येईल. पारावरच्या मंडळींनी ते मोठ्याने वाचलं. ‘जसे आहे’ ठीक. ‘जे काही आहे’ हेही ठीक. पण ‘जेथे आहे’? म्हातारे म्हणाले, "हे तर दोघं भाऊ वीस वर्षं एकमेकाला विचारायलेत. बँकेला ठाऊक असंल तर लिलाव ऱ्हाऊ द्या, आधी तेवढं सांगा म्हणावं."

वसुली अधिकारी शेतात आला तेव्हा गावाने जे पाहिलं, ते तंटामुक्तीच्या कुठल्याही समितीला जमलं नव्हतं. अधिकाऱ्याने विचारलं, "हद्द कुठं तुमची?" थोरल्याने हात लांब केला. या वेळी तो हात फार लांबला नाही. विहिरीच्या बराच अलीकडे थांबला.

"आणि विहीर?"

"ती धाकट्याची, साहेब. पहिल्यापासून."

"मधली पट्टी?"

"त्याचीच. आपलं हे माळाचं तेवढं. दगडाचं हाय."

धाकट्याला विचारलं. तो म्हणाला, "दादा म्हणतेत तेच खरं." दोघांचे जबाब लिहिले गेले, दोघांनी सह्या केल्या, पंच म्हणून ज्यांनी सह्या केल्या ते वीस वर्षं दोघांना हेच समजावत आले होते. माणसाला भावासाठी एक तास सोडवत नाही, पण लिलाव आला की तो विहिरीसकट पट्टी सोडतो. मी याला त्याग म्हणायला तयार होतो. पण धाकट्याच्या चेहऱ्यावरचा आनंद त्यागाच्या मानाने जास्त होता.

आता भावांचं भांडण मिटलं, पण भांडण शिल्लक होतंच, ते घ्यायला बँक पुढे आली. विहिरीविना जमिनीला येणार काय? बँकेच्या वकिलाने जुनी फाइल काढली आणि थोरल्याने तहसीलदाराला केलेले सगळे अर्ज बाहेर आले. त्यात थोरल्याच्या सहीनिशी लिहिलेलं: विहीर माझी, पट्टी माझी, धाकट्याने अतिक्रमण केलं आहे. वकील ते अर्ज अशा तळमळीने वाचत होते की जणू चिंचेखाली त्यांच्याच वडिलांनी हात दाखवला होता. आणि थोरला आपल्याच अर्जांबद्दल म्हणत होता, "त्यात काही तथ्य नाही, साहेब."

उपाय एकच उरला, मोजणी. आमच्याकडे मोजणीला पूर्वी घाईच्या पायऱ्या होत्या: साधी, तातडी, अतितातडी आणि अति-अतितातडी. शेवटच्या पायरीवरही माणूस वाटच पाहायचा, फक्त जास्त पैसे भरून. आता नियमित आणि द्रुतगती एवढे दोनच प्रकार उरलेत. बँकेने फी भरली आणि ती थोरल्याच्या खात्यावर टाकली. भांडण बँकेकडे गेलं तरी त्याचा खर्च मूळ मालकाकडेच राहिला. लगतच्या खातेदारांना नोटिसा निघाल्या. चतुःसीमेतल्या त्या दिवंगत शेजाऱ्यांनाही निघाली. ती त्यांच्या नातवाने घेतली.

मोजणीच्या दिवशी भूकरमापक आले. हातात साखळी नव्हती, काठीवर बसवलेलं रोव्हर नावाचं यंत्र होतं. ते उपग्रहांशी बोलून जागा ठरवतं. गाव जमलं. वडिलांचा हात, चिंच, बाभळ, नाला यांपैकी कशाचंच त्याने ऐकलं नाही. एका म्हाताऱ्याने विचारलं, "एवढ्या वरनं त्याला आपला धुरा दिसतो?" भूकरमापक म्हणाले, "दिसत नाही बाबा, मोजतं ते." म्हातारा म्हणाला, "न बघताच मोजायलंय म्हणा की. मग बँकेच्या साहेबानं काय वेगळं केलं होतं?"

खुणा पडल्या आणि शिवारात शांतता पसरली. विहीर दोघांच्या मधोमध निघाली. हद्द तिच्या पोटातून जात होती. त्याहून वाईट म्हणजे उत्तरेची पांदण. ती दोघांनीही आपापल्या बाजूने खाल्ली होती. मोजणीप्रमाणे पांदण मोकळी करायची तर थोरल्याचं क्षेत्र कमी, धाकट्याचं कमी आणि बँकेचं तारणही कमी. थोरल्याने जबाब दिला, मोजणी मान्य नाही. धाकट्याने दिला, मान्य नाही. बँकेच्या प्रतिनिधीने वरिष्ठांना फोन लावला आणि सांगितलं, "आपल्यालाही मान्य नाही, सर." एका कागदावर तिघांची एकमताने नाराजी नोंदली गेली.

मोजणी अमान्य असेल तर निमताना मोजणी मागता येते. वरचा अधिकारी येऊन पुन्हा मोजतो. तीही पटली नाही तर सुपर निमताना. म्हणजे तीन वेळा मोजून घेण्याची सोय आहे, आणि तिन्ही वेळा जमीन तेवढीच भरण्याचा धोका आहे. माझ्या मते धुऱ्याच्या भांडणाचं खरं कारण इथे आहे. लोक म्हणतात मोजणी होत नाही म्हणून भांडणं होतात. मला उलटं वाटतं. न मोजलेली जमीन सगळ्यांनाच जास्त असते. शेतकऱ्याला ती कर्ज मागताना जास्त असते, बँकेला तारण लिहिताना जास्त असते, शेजाऱ्याला नांगरताना जास्त असते. भांडण चालू आहे तोवर प्रत्येकाजवळ दोन गुंठे शिल्लक आहेत. मोजणी झाली की सगळ्यांचेच गेले.

लिलाव मात्र व्हायचा तो झाला. म्हणजे पुकारला गेला. तहसीलच्या गावाहून दोन माणसं कारमधून आली होती, त्यांनी पारावर चौकशी केली. पाराने काही वाईट सांगितलं नाही. एवढंच म्हणाला, "घ्या की. जमीन चांगलीय. फक्त वाट नाही, विहिरीचा वाद हाय, अन् दोन्ही भाऊ आता एक झालेत." ती माणसं चहासुद्धा न घेता परतली. बोली लागली नाही.

सहकार कायद्यात याचीही तयारी आहे. खरेदीदार मिळाला नाही तर जमीन संस्थेच्याच नावावर करून घेता येते. ही तरतूद ऐकून सगळ्यांत जास्त कोण घाबरलं असेल तर शाखाधिकारी. बँक कब्जेदार झाली तर तिला धुरा आला. मिरगाच्या आधी पहाटे पाचला धुऱ्यावर उभं राहून धाकट्याचा ट्रॅक्टर किती दाबतोय ते कोण बघणार? हेड ऑफिसातून त्यासाठी पद मंजूर होणं अवघड. धाकटाही रात्रभर जागा होता. भावाशी भांडता येतं. सणाला जेवायला बोलावून भांडता येतं, बोलावलं नाही म्हणूनही भांडता येतं. बँकेशी कसं भांडायचं? ती बदली होऊन जाते. सकाळी तो थोरल्याच्या दारात गेला आणि म्हणाला, "दादा, बँक शेजारी येण्यापेक्षा तुमीच बरे."

एकरकमी परतफेडीत व्याजाला कात्री लागली. थोडे थोरल्याने भरले, थोडे धाकट्याने. बेबाकी दाखला मिळाला, फेरफार पडला, बोजा उतरला आणि ‘इतर अधिकार’चा रकाना कितीतरी वर्षांनी कोरा झाला. तलाठ्यांना आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात. त्यांनी दोघांना बसवून सलोखा योजनेचीही माहिती दिली. एकाची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या, असं किमान बारा वर्षं चाललं असेल तर अदलाबदलीचा दस्त करून घ्या. मुद्रांक शुल्क हजार रुपये आणि नोंदणी फी हजार. २०२३ मध्ये ही सवलत सुरू झाली. दोघांनी मन लावून ऐकलं. थोरला म्हणाला, "चांगलीय योजना. पण ह्याच्यात माझी जमीन त्याच्या ताब्यात हाय, त्याची माझ्या ताब्यात नाही." धाकटा म्हणाला, "तेच मी म्हणायलो, फक्त उलटं."

पुढच्या अक्षय्य तृतीयेला धाकटा सासुरवाडीच्या लग्नाला गेला. परत आला तर थोरल्याचा ट्रॅक्टर विहिरीपर्यंत नांगरून गेलेला. धाकट्याने घरातून पेटी आणली, पेटीतून वसुली अधिकाऱ्यापुढे दिलेल्या जबाबाची नक्कल काढली आणि धुऱ्यावर उभं राहून वाचून दाखवली: विहीर धाकट्याची, पट्टी धाकट्याची, पहिल्यापासून.

"दादा, सही तुमचीच हाय ना?"

थोरल्याने कागद हातात घेतला, नीट पाहिला आणि परत दिला.

"माझीच हाय. पण ते मी बँकेला लिहून दिलंय, तुला नाही."